कचकड्याचे विश्व : टेरी प्रॅचेट यांच्या ‘मूव्हिंग पिक्चर्स’मधील अस्थिर द्रव्य

कल्पितविश्वांच्या समीक्षेत जादूच्या द्रव्यांकडे पाहण्याची एक ठराविक रीत रूढ झालेली आहे. कथेत एखादा दुर्मीळ धातू, एखादा मणी, रसायन किंवा भुकटी आली की ती कशाचे तरी प्रतीक मानली जाते. कधी सत्तेचे, कधी लोभाचे, कधी खनिज तेलाचे, तर कधी अणुशक्तीचे. प्रतीकाचा उलगडा झाला की द्रव्याचे काम संपते. ते द्रव्य कशापासून बनते, उष्णतेने त्याचे काय होते, ते किती काळ टिकते, ते सांभाळण्यासाठी कोणाला जागावे लागते, हे प्रश्न समीक्षेच्या कक्षेबाहेरचे ठरतात.

या रीतीला स्वतः लेखकांचाही हातभार लागलेला आहे. टॉल्किन यांचे मिथ्रिल हे त्याचे सर्वपरिचित उदाहरण. मोरियाच्या खाणीत सापडणारा हा धातू दुर्मीळ आहे, अमोल आहे; पण तो गंजत नाही, डागळत नाही, दगाही देत नाही. त्याच्यासाठी बुटके लोक फार खोल खणतात आणि तळातील संकट जागे करतात. तेथे दोष खणणाऱ्यांच्या हव्यासाचा असतो, धातू मात्र निष्कलंक राहतो. संहितेच्या पातळीवर या धातूचे स्थान पुरेसे अस्थिर आहे, हे येथे नोंदवण्याजोगे. १९३७ च्या ‘द हॉबिट’मध्ये चिलखत केवळ रुपेरी पोलादाचे होते, त्याला मिथ्रिल हे नाव १९६६ च्या सुधारित आवृत्तीत मिळाले. कथेच्या आत मात्र त्या धातूवर काळाचा काही परिणाम होत नाही. १९३९ च्या परीकथाविषयक व्याख्यानात टॉल्किन यांनी दुय्यम विश्वाच्या आंतरिक सुसंगतीचा आग्रह धरला होता. अशा विश्वाला अविकारी द्रव्य सोयीचे असते. ते एकदा सांगितले की पुन्हा सांगावे लागत नाही.

टेरी प्रॅचेट (१९४८–२०१५) यांच्या डिस्कवर्ल्ड या एक्केचाळीस कादंबऱ्यांच्या मालिकेत याच्या अगदी उलट प्रकारची द्रव्ये आढळतात. १९८३ च्या ‘द कलर ऑफ मॅजिक’ या पहिल्याच कादंबरीत ऑक्टायरन नावाचा धातू येतो. त्याची सुई या विश्वाच्या मध्याकडे रोख धरते, कारण तेथील जादूच्या क्षेत्राचा त्या धातूवर परिणाम होतो. आणि त्याच सुईने फाटके मोजेही आपोआप रफू होतात. दुर्मीळ धातूचा महिमा वाढवीत नेऊन शेवटी त्याला रफूच्या कामाला जुंपण्याची ही लकब प्रॅचेट यांच्या विनोदाची खूण म्हणून ओळखली जाते, आणि बहुतेक समीक्षा तेथेच थांबते. तिच्यामागे द्रव्याविषयीची एक भूमिका आहे. ती पुरती उघड होते ‘मूव्हिंग पिक्चर्स’ (१९९०) या मालिकेतील दहाव्या कादंबरीत आणि तीतील ऑक्टो-सेल्युलोज या पदार्थात.

कथा थोडक्यात अशी. अंख-मॉरपॉर्क नगरीतील किमयागारांना हलती चित्रे दाखवण्याची युक्ती सापडते. या मंडळींचे सभागृह स्फोटाने उडणे ही नगरीतील नित्याची बाब असल्याने, आणि जादूगारांची नजर चुकवण्यासाठीही, ते समुद्रकाठच्या होली वुड नावाच्या ओसाड जागी बिऱ्हाड हलवतात. तेथे वर्षानुवर्षे परीक्षेत बेताने नापास होणारा जादूविद्येचा विद्यार्थी व्हिक्टर नट बनतो, नट्या बनू पाहणाऱ्या मुली येतात, ट्रोल येतात, बोलता कुत्रा येतो, आणि आजवर रस्त्यावर संशयास्पद सॉसेज विकणारा डिबलर निर्माता होतो. मग उमगते की या जागेत काहीतरी कोंडलेले होते आणि ते आता बाहेर पडू पाहत आहे.

या विश्वात चित्रपट तयार कसा होतो, याची मांडणी प्रॅचेट मोठ्या चोखपणे करतात. कॅमेऱ्याच्या पेटीत भिंगे आणि रसायने नाहीत. तेथे चिमुकली चित्रकार पिशाच्चे बसलेली असतात आणि समोरचे दृश्य भराभर रंगवतात. दिव्याच्या जागी प्रकाश साठवणारे सॅलमँडर आहेत. म्हणजे वास्तवातील चित्रपटतंत्राचा एकेक घटक काढून त्याच्या जागी एकेक अद्भुत जीव बसवलेला आहे. फक्त एका घटकाची अशी अदलाबदल झालेली नाही, आणि तो म्हणजे चित्रे ज्यावर उमटतात ती फीत. फितीच्या जागी सापाची कात आणणे किंवा कोळ्याचे जाळे आणणे या लेखकाला मुळीच अवघड नव्हते. त्यांनी नायट्रोसेल्युलोज हा पदार्थ तसाच ठेवला आणि केवळ त्याचा उपसर्ग बदलला. जेथे बाकी सर्व काही जादूने भरून काढता आले तेथे आधारद्रव्य रसायनच राहिले, ही गोष्ट बारकाईने पाहण्यासारखी आहे.

उपसर्गाची ही अदलाबदल वाटते तितकी साधी नाही. नायट्रोच्या जागी ऑक्टो आला आणि ऑक्टो म्हणजे आठ. डिस्कवर्ल्डमध्ये आठ हा जादूचा आकडा आहे. आठव्या मुलाचा आठवा मुलगा जादूगार होतो, इंद्रधनुष्यात ऑक्टरीन हा आठवा रंग असतो, आणि पहिल्या कादंबरीत हा आकडा उच्चारणेच घातक ठरते. नत्राच्या जागी आठ घातल्याने पदार्थाची ज्वलनशीलता कमी झाली नाही. तिला एक वंशावळ मिळाली. मराठी अनुवादकापुढे येथे एक खरी अडचण उभी राहते. ‘अष्ट’ म्हणताच मराठी वाचकाच्या मनात अष्टसिद्धी, अष्टविनायक, अष्टप्रधान असा सारा मंगल आणि भारदस्त परिवार जागा होतो. ऑक्टायरनला ‘अष्टधातू’ म्हणावे तर देवघरातील मूर्तीच डोळ्यांपुढे येते. प्रॅचेट यांच्या आठात जे भय आहे ते आपल्या आठात नाही. भयाची छटा राखायची तर आकडा सोडावा लागेल, आकडा राखायचा तर भय सुटेल. अर्थात दोहोंपैकी एक निवडायचेच झाले तर भय राखणे बरे, कारण विनोद त्या भयावरच उभा आहे.

हे भय काल्पनिक नाही. कापसावर नत्राम्लाची प्रक्रिया करून मिळणारा पदार्थ १८४०च्या दशकात युरोपात ज्ञात झाला तो स्फोटक म्हणून. त्याच कुळातील पदार्थात कापूर मिसळून १८७०च्या सुमारास अमेरिकेत जॉन वेस्ली हयात यांनी सेल्युलॉइड तयार केले, ते बिलियर्डच्या हस्तिदंती चेंडूंना पर्याय म्हणून. पुढे १८८९ पासून ईस्टमन कंपनीने त्याच्या लवचीक फिती बाजारात आणल्या आणि १९५०च्या दशकाच्या प्रारंभापर्यंत जगातील व्यावसायिक चित्रपट प्रामुख्याने या फितींवर उमटत राहिले. या पदार्थाच्या रेणूतच प्राणवायू बांधलेला असतो. म्हणून एकदा पेटला की तो बाहेरच्या हवेवाचूनही जळतो. पाण्याखालीही विझत नाही. न पेटताही तो स्वस्थ नसतो. कालांतराने त्यातून आम्लधर्मी वायू सुटतात, ते वायू डब्यात कोंडले की विघटनाचा वेग वाढवतात, चित्र फिकटते, फीत चिकट होते, फेसाळते आणि अखेरीस तपकिरी भुकटी उरते. ज्यावर प्रतिमा टिकवायची ते द्रव्य आतून स्वतःलाच संपवीत असते. फँटसीकाराला याहून अधिक अद्भुत द्रव्य कल्पिण्याची गरज पडली नाही, आणि प्रॅचेट यांनी उपसर्गापलीकडे त्यात ढवळाढवळ केली नाही, यातच त्यांची जाण दिसते.

आता या विश्वाच्या आकाराकडे वळणे आवश्यक ठरते. डिस्कवर्ल्ड म्हणजे चार हत्तींच्या पाठीवर पेललेली चकती. हे हत्ती उभे आहेत एका प्रचंड कासवाच्या पाठीवर, आणि कासव अवकाशात पोहत आहे. ही रचना भारतीय विश्वकल्पनेची युरोपीय आवृत्ती आहे, हे सर्वज्ञात आहे. कूर्म आणि दिग्गज या दोन वेगवेगळ्या कल्पनांची तीत सांधेजोड झालेली दिसते. आपल्याकडचे दिग्गज आठ. ऐरावतापासून सुप्रतीकापर्यंत त्यांची नावे अमरकोशात आहेत. ज्या विश्वात आठाचा एवढा महिमा आहे त्याचे हत्ती मात्र चारच, ही गंमत जाता जाता नोंदवावी. तिच्यावरून प्रभावाचे मनोरे रचणे मात्र तौलनिक अभ्यासाच्या शिस्तीत बसणारे नाही.

अधिक महत्त्वाची आहे ती या प्रतिमेची युरोपातील वाटचाल. जॉन लॉक यांनी मानवी आकलनावरील आपल्या १६९० च्या ग्रंथात हत्ती-कासवाची ही गोष्ट एका भारतीय तत्त्वज्ञाच्या नावावर सांगितली आहे, आणि ती आणली आहे नेमकी द्रव्याच्या चर्चेत. गुणांना आधार हवा म्हणून द्रव्य मानायचे, पण ते काय आहे विचारले तर सांगता येत नाही. हे म्हणजे पृथ्वी हत्तीवर, हत्ती कासवावर आणि कासव कशावर हे ठाऊक नाही असे म्हणण्यासारखे, असा लॉक यांचा टोला होता. द्रव्यकल्पनेची खिल्ली उडवण्यासाठी वापरलेले चित्र तीन शतकांनंतर एका लेखकाने शब्दशः खरे मानले आणि त्यावर जग वसवले. त्या जगात ‘खाली काय आहे’ हा प्रश्न निरर्थक राहत नाही. खाली कासव आहे. त्याला वय आहे, दिशा आहे, मनात काहीतरी चाललेले आहे.

लॉक यांच्या भाषेत द्रव्यासाठी असलेला शब्द ‘खाली उभे राहणारे’ या अर्थाच्या लॅटिन मुळातून आलेला आहे. वैशेषिकांनीही द्रव्याला गुण आणि कर्म यांचा आश्रय मानले. तेथवर दोन्ही विचार समांतर चालतात. जैन विचारात मात्र द्रव्य शब्दाचा संबंध वाहण्याच्या अर्थाच्या ‘द्रु’ धातूशी जोडला जातो: जे आपल्या पर्यायांतून वाहत जाते ते द्रव्य. उत्पत्ती, व्यय आणि ध्रुवता या तिन्ही गोष्टी तेथे एकाच सत्तेच्या ठायी मानलेल्या आहेत. अस्थिरता हा द्रव्याला जडलेला दोष नसून त्याच्या असण्याचाच प्रकार आहे, ही भूमिका ऑक्टो-सेल्युलोजसारख्या पदार्थाच्या वाचनाला आश्रयवादी भूमिकेपेक्षा अधिक उपयोगी पडते. प्रॅचेट यांना जैन तर्कशास्त्र अवगत होते असा याचा अर्थ मुळीच नाही. त्यांच्या संहितेचे वाचन कोणत्या संकल्पनांच्या प्रकाशात अधिक फलदायी होते, एवढाच येथे मुद्दा आहे.

मराठीत या पदार्थाला जुना शब्द आहे तो कचकडे. मुळात तो कासवाच्या पाठीच्या कवचासाठी वापरला जाई. सेल्युलॉइड आले ते बाजारात हस्तिदंताची आणि कासवाच्या कवचाची नक्कल करीत. फण्या, पेट्या, बाहुल्या या नकली मालाच्या झाल्या आणि मूळ वस्तूचे नाव नकलेला मिळाले. हत्ती आणि कासव यांची नक्कल करणारा पदार्थ हत्ती आणि कासवावर पेललेल्या विश्वात यावा, हा निव्वळ योगायोग; पण मराठी वाचकाला तो आयता हाती लागतो. मराठी समीक्षेने या शब्दाचा एक वेगळाच उपयोग केला. निर्जीव व्यक्तिरेखांना ‘कचकड्याच्या बाहुल्या’ म्हणायचे, आणि ही शिक्का मारण्याची सवय अद्भुतरम्य कथनांच्या वाट्याला हटकून आली. १८६०च्या दशकात ‘मंजुघोषा’कार नारो सदाशिव रिसबूड यांनी प्रस्तावनेत आपल्या रोजच्या संसारात कादंबरीजोगे नवल काही घडत नाही, म्हणून अद्भुताकडे वळावे लागते असे समर्थन केले होते. त्या समर्थनात अद्भुत आणि नित्य यांची जी फारकत गृहीत धरली होती, तीच पुढे अद्भुताचा धिक्कार करणाऱ्यांनीही स्वीकारली. दोन्ही पक्षांना अद्भुत म्हणजे वास्तवापासून दूर, हेच मान्य होते. कचकडे हे मात्र दोन्हीकडचे आहे. ते खेळण्यातले नकली आहे आणि तितकेच दाहक, रासायनिक, खरे आहे.

‘मूव्हिंग पिक्चर्स’चा पूर्वार्ध याच दुहेरीपणावर चालतो. कादंबरीच्या प्रारंभी डेक्कन रिबोब नावाचा म्हातारा मरतो. होली वुडच्या दाराचा तो अखेरचा राखणदार. जुने मंत्र नेमाने म्हणत राहणे, म्हणजेच लक्षात ठेवणे, हे त्याचे काम. त्याला वारस नाही. मंत्र थांबतात आणि कोंडलेले स्वप्न बाहेर पडून किमयागारांच्या डोक्यात शिरते. दुसरीकडे जादूगारांच्या विद्यापीठात रिक्टर नावाच्या जुन्या संशोधकाने बनवलेले एक भांडे अडगळीत पडलेले आहे. वास्तवाच्या पोतात बिघाड झाला की त्याच्या भोवतीच्या मातीच्या हत्तींच्या सोंडांतून शिशाच्या गोळ्या उडतात. इसवी सन १३२ मध्ये झांग हंग यांनी चीनच्या दरबारात सादर केलेल्या भूकंपदर्शकाची, आठ ड्रॅगन आणि बेडूक असलेल्या त्या पात्राची, ही उघड आठवण आहे. गोळ्यांची संख्या वाढत जाते आणि तिचा अर्थ लावायला फार काळ कोणालाच सवड नसते. राखणदार नाही आणि मापक आहे तर वाचणारा नाही, अशा अवस्थेत पडद्यावरची चित्रे लोकप्रिय होत जातात. प्रेक्षक चित्र पाहतो, फीत पाहत नाही. चित्रपट ‘दिसतो’ तो फीत नजरेआड राहिली म्हणूनच. आधार विसरला जाणे हीच या कलेची अट आहे, आणि प्रॅचेट यांनी कथेतील धोका त्या विसरण्यातच ठेवला आहे. पूर्वार्धाचे यश याचे आहे.

उत्तरार्ध याला पुरा न्याय देत नाही. संकटाचे मूळ फितीवरून सरकते आणि मालिकेतील जुन्या सवयीप्रमाणे डंजन डायमेन्शन्समधील आकारहीन जीवांकडे जाते. पडद्यातून महाकाय स्त्री बाहेर येते, वानररूप ग्रंथपालाला घेऊन मनोऱ्यावर चढते, ‘किंग काँग’ उलटा फिरतो. विनोद जमतो, पण द्रव्य मागे पडते. बाहेरून आलेला राक्षस सापडला की आतून विघटन पावणाऱ्या पदार्थाची गरज राहत नाही. हॉलीवूडच्या चित्रपटांचे संदर्भही येथे इतके दाटतात की प्रत्येक ओळखल्याच्या समाधानात वाचक खुद्द प्रश्न विसरतो. स्फोटक फितीला राक्षसाची जोड देण्याचे काही कारण नव्हते. ती एकटी पुरेशी होती.

ती एकटी किती पुरेशी आहे याचे उदाहरण मराठी प्रदेशातच आहे. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना १९६४ ची. २०२२ मध्ये ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात, पूर्वीच्या प्रभात कंपनीच्या जागेवर वसलेल्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात, या संग्रहाच्या नायट्रेट फिती ठेवलेल्या तिजोरीला आग लागली आणि फितींचा मोठा साठा नष्ट झाला. या आगीभोवती जी कथा तयार झाली ती समीक्षकाच्या दृष्टीने विशेष लक्षणीय आहे. १९३१ चा ‘आलम आरा’, हा भारतातील पहिला बोलपट, याच आगीत जळाला असे पुढे वारंवार छापले गेले. संग्रहालयाची धुरा दीर्घकाळ वाहिलेले पी. के. नायर यांनी मात्र तो चित्रपट संग्रहात कधीच नव्हता असे स्पष्ट केले होते. तो कधी, कोठे, कसा नाहीसा झाला याला कोणी साक्षी नाही. लक्ष नसताना हळूहळू झालेल्या नाशाला एक तारीख आणि एक ज्वाळा मिळाली की मन निवते. प्रॅचेट यांच्या उत्तरार्धात नेमके हेच घडते. विसरण्याच्या जागी राक्षस येतो.

फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) या चित्रपटाच्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे उरले आहे, आणि उरलेला भाग १९१३ चा की त्यांनीच १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीचा, याबद्दल अभ्यासकांत मतभेद आहेत. म्हणजे ज्या कृतीपासून भारतीय चित्रपटाचा इतिहास मोजला जातो तिची ‘संहिता’ कोणती हेच निश्चित सांगता येत नाही. ग्रंथपरंपरेत वाढलेल्या साहित्याभ्यासकाला पाठभेद ही गोष्ट नवी नाही. ज्ञानेश्वरीच्या पाठशुद्धीचा इतिहास मराठीच्या अभ्यासकाला तोंडपाठ असतो. मात्र हस्तलिखिताची नक्कल करणारा लेखनिक आणि फितीचे विघटन यांत फरक आहे. लेखनिक चुकतो तेव्हा नवा पाठ निर्माण होतो; फीत विघटित होते तेव्हा पाठभेदही उरत नाही. जुन्या फितींवरील चित्राचा थर धुऊन त्यांच्या बांगड्या केल्या जात, असे नायर सांगत. कचकडे पुन्हा कचकडे झाले, एवढाच त्या व्यवहाराचा हिशेब.

डिस्कवर्ल्डच्या पुढील कादंबऱ्यांत एक गोष्ट दिसून येते. ‘द ट्रुथ’ (२०००) मध्ये छापखाना येतो आणि राहतो. ‘गोइंग पोस्टल’ (२००४) मधील टपाल राहते. ‘रेझिंग स्टीम’ (२०१३) मधील आगगाडी राहते. चित्रपट मात्र ‘मूव्हिंग पिक्चर्स’च्या शेवटी या विश्वातून पुसला जातो आणि पुन्हा येत नाही. मालिकेच्या सुरुवातीच्या काळात नवी गोष्ट आणायची आणि शेवटी परत न्यायची, ही लेखकाची सोय होती, असे याचे साधे स्पष्टीकरण देता येते, आणि ते चुकीचे नाही. १९९४ च्या ‘सोल म्युझिक’मधील संगीताचेही तसेच होते. पण छापखान्याचे खिळे शिशाचे असतात, रूळ लोखंडाचे. त्यांच्यासाठी राखणदार नेमावा लागत नाही. ऑक्टो-सेल्युलोजला तो लागतो, आणि अंख-मॉरपॉर्कमध्ये हे काम करायला डेक्कन रिबोबनंतर कोणी पुढे आल्याचे कादंबरीत नमूद नाही.